उद्यापनाची आठवण

"देवाधर्माच्या आठवणी जप्तीतून सुटतात, काकू. ही कसली?" बेलिफ गावितने पडद्यावरचं चित्र थांबवलं. घाटावर शालिनीबाईंचे यजमान त्यांच्या केसांत अनंताचं फूल माळत होते. ते जाऊन आता नऊ वर्षं झाली होती. मुलाच्या कर्जाला जामीन राहिल्याबद्दल कोर्ट शालिनीबाईंच्या आठवणी लिलावात काढत होतं, आणि विकलेली आठवण डोक्यात उरत नसे.

"सोळा सोमवारांच्या उद्यापनाची," त्या म्हणाल्या.

पंच म्हणून बसलेल्या शेजारच्या ललिताने मान खाली घालून सही केली.

पुढच्या चित्रात शंकराचं देऊळ आणि चुरम्याचा नैवेद्य होता.

"हेही उद्यापनच दिसतंय. एका व्रताचं दोनदा करतात का, काकू?"

"नाही."

"मग एकच सुटेल. ही घेतो."

खरं सांगितलं तर फूल जाणार होतं. शालिनीबाईंनी देवळातल्या आठवणीच्या जप्तीवर सही केली.

सोमवारी उपास सोडताना त्यांनी ललिताला हळूच विचारलं, "मी उद्यापन नीट केलं होतं ना गं?"

"अगदी नीट."

"मागितलं काय होतं मी?"

"भाऊजींचं आयुष्य, वहिनी."

शालिनीबाईंनी केसांवरून पदर ओढून घेतला.