ग्यानबाचा टॅक्स

“बाबा, आपला टॅक्स गेला,” टीव्हीवरची नजर न काढता संघपाल म्हणाला. ग्यानबाचा घास हातातच राहिला.

“कुठं गेला?”

“बारा लाखापर्यंत माफ केला सरकारनं. माहा पगार त्याच्या आतच हाय. आता नव्या सालापासून एक रुपया भरा लागत नाही.”

आतून सुनेनं, पौर्णिमेनं, लगेच फ्रिजचा विषय काढला. संघपालनं शाळेतल्या तिघांना फोन लावले. जिल्हा परिषदेचा मास्तर अर्थसंकल्पावर खूश झाला, ही घटना शेलूबाजार भागात तरी नवीच होती. ग्यानबानं मात्र हातातला घास परत ताटात ठेवला.

“माफी चुकी करनाऱ्याले असते,” तो ताटाकडे पाहत म्हणाला. “आपली काय चुकी झाली?”

संघपाल हसला. म्हातारा गंमत करतो आहे, असं त्याला वाटलं.

ग्यानबानं बावीस वर्षं उकंडरावांच्या शेतात राबून काढली होती. चाळीस एकर, संत्र्याची बाग, दारात दोन ट्रॅक्टर. माणूस वाईट नव्हता. मजुरी वेळेवर देई, आणि मजुरीसोबत एक बोलही देई, “तुमचं बरं हाय ग्यानबा. रेशन सरकारचं, घरकुल सरकारचं, पोराची स्कॉलरशिप सरकारची. टॅक्स भरनारे भरून राह्यले, तुमी खाऊन राह्यले.” ग्यानबा अंगणात उभा राहून ऐकून घेई. साबण, चप्पल, चहापत्ती घेताना तोही कर भरतच होता. पण त्याचा कागद सरकार घरी पाठवत नाही, त्यामुळे ही गोष्ट त्याला कळायचं काही कारण नव्हतं.

मग संघपाल मास्तर झाला. दोन-चार वर्षांनी एका जूनमध्ये त्याच्या हाती फॉर्म सोळा पडला. पगारातून किती टॅक्स कापून सरकारजमा झाला, ते सांगणारा कागद. संघपाल त्या कागदावर चिडला. ग्यानबानं मात्र हात धुऊन तो घेतला, कारंज्याला जाऊन लॅमिनेशन करून आणला आणि थेट उकंडरावांच्या अंगणात नेला. उकंडरावांनी चष्मा लावून वाचला. उलटून मागची बाजूही पाहिली. मग घरात आवाज दिला, “खुर्ची आन वो.”

त्या दिवसापासून तो बोल बंद झाला. दर जूनला ग्यानबा नवा कागद घेऊन जाई आणि खुर्चीत बसून चहा पिऊन येई. लोकांचे बाप आपल्या पोरांना टॅक्स वाचवायच्या वाटा विचारत. ग्यानबा विचारी, “औंदा वाढला का?”

आता पुढं कोणता कागद न्यायचा? जुन्या कागदावर खुर्चीत बसणं त्याच्या मनाला पटेना. दुसऱ्यानं सांगण्यापेक्षा आपणच सांगितलेलं बरं. ऊन उतरल्यावर तो उठला, टोपी झटकून डोक्यावर ठेवली आणि निघाला.

उकंडराव ओट्यावर संत्रं सोलत बसले होते. खुर्ची आली. ग्यानबा बसला नाही.

“एक सांगाले आलो, उकंडराव. आमचा टॅक्स बंद झाला. आता सारा भार तुमच्यावर पडन. मले वाईट वाटून राह्यलं, पन इलाज नाही.”

“माह्यावर कायचा भार?”

“टॅक्सचा.”

“येडा झाला का तू? शेतीच्या कमाईले टॅक्स नसते. माह्या बापानं कधी भरला नाही, म्या भरला नाही.”

ग्यानबानं हे नीट ऐकून घेतलं. “मंग हिरालाल शेठ भरत असन. येवढं मोठं दुकान हाय.”

“त्याले दरसाली घाटाच असते. कागदावर.”

“सरपंच?”

“तो बी शेतकरीच. अन् तलाठी, ग्रामसेवक, सारे नोकरीवाले वाशिमले राह्यतात.”

बोलता बोलता उकंडराव स्वतःच घरं आठवू लागले. वरच्या आळीपासून निघून देवळापर्यंत आले, खालच्या आळीनं परत फिरले. एका घराशी अडखळले, पण ते घर गेल्या साली पुण्याला गेलं होतं. त्यांनी संत्रं बाजूला ठेवलं.

“नाही गड्या,” ते शेवटी म्हणाले. “तुह्या संघपालशिवाय कोनी दिसत नाही.”

ग्यानबानं मागं वळून पाहिलं. अंगणातून शाळा दिसत होती, पाण्याची टाकी दिसत होती, आणि शेलूबाजारकडं जाणारी जीप डांबरी सडकेवरून धूळ न उडवता चालली होती. त्यानं ते सगळं एकदा डोळे भरून पाहून घेतलं. त्याच्या तोंडावर ना राग होता, ना जिंकल्याचा आनंद. होती ती निव्वळ काळजी.

“मंग आता तुमचं कसं होईन हो, उकंडराव?”