शिळं ऊन

“कालचं ऊन शिळं होतं,” सासरे म्हणाले.

सून कामाला निघाली होती. एका हातात काळा चामडी मोजा चढला होता, दुसरा दातांत धरलेला. तो काढून ती म्हणाली, “मामंजी, ऊन शिळं कसं होईल? गच्चीवर पडतं, नळातून खाली येतं. वाटेत कुठे मुक्कामाला थांबत नाही.”

“मग नळाचा वास लागला असेल. गच्चीवरचं ऊन कसं, ताजं! आज दुपारी ये घरी. वर जाऊ.”

“आणि तुमचे गुडघे?”

“गुडघे माझे आहेत. त्यांचं मी बघतो.”

तिनं दुसरा मोजा चढवला आणि ती बाहेर पडली. थांबली असती तर भलतंच काही बोलून गेली असती. हा सगळा खटाटोप तिनं केला होता कुणासाठी?

डोंगरांच्या बेचक्यात रुतून बसलेलं ते शहर. सूर्य भर दुपारी तेवढा गच्च्यांवर डोकावायचा आणि निघून जायचा. खालच्या खोल्यांत त्याचं दर्शन नाही. आणि ऊन मिळालं नाही की तिथला माणूस विरायला लागायचा. आधी नखं, मग बोटं, मग तळहात, असं करत करत पार पलीकडचं दिसायचं. फार झालं तर हाक मारल्यावर नुसती ‘ओ’ यायची, माणूस सापडायचा नाही. दिव्याच्या उजेडात हे कळत नसे. उन्हात धरूनच पाहावं लागे.

तिचा नवरा जहाजावर. त्यामुळे रोज दुपारी तीच धावतपळत घरी यायची आणि सासऱ्यांना हाताला धरून गच्चीवर न्यायची. ते प्रत्येक वळणावर दम खायला थांबायचे आणि तेवढ्यात शेजाऱ्यांच्या नकला करून तिला हसवायचे. उतरताना मात्र गुडघ्यांपायी त्यांच्या डोळ्यांत पाणी यायचं. ते तिला बघवेना.

म्हणून तिनं डोकं लढवलं. गच्चीवर काचेची परात बसवली, तिला आतून आरसे जडवलेली नळी जोडली आणि सासऱ्यांच्या खाटेशी तोटी काढली. तोटी फिरवली की ऊन मधासारखं मांडीवर उतरायचं. शहराला वेड लागलं. ज्याला त्याला ऊननळ हवा. आता ती दिवसभर लोकांच्या नळ्यांत रांगत आरसे बसवायची. डोळे दिपू नयेत म्हणून काम होईपर्यंत वरचं झाकण बंद. घरी परतायची ती दिवेलागणीला.

सगळं शहर तिचं कौतुक करत होतं. घरात मात्र रोज नवी तक्रार. कधी ऊन पातळ होतं, पाणी घातल्यासारखं. कधी ते पितळी नळीत कळकलेलं होतं. तिनं रात्री दिवा लावून आरसे पुसले, तोटी बदलली, शेवटी काचही बदलली. सासऱ्यांचा निकाल ठरलेला: “छे! ती मजा नाही.”

त्या दिवशी ती पकड घरी विसरली होती. ती घ्यायला भर दुपारी परतली. दार ढकललं, आणि बघते तर काय! तोटी सताड उघडी. सासरे खाटेवर पाय पसरून, सदरा वर करून, उघड्या पोटावर ऊन घेत पडलेले. डोळे मिटलेले, तोंडानं गाणं चाललेलं, आणि पायाचे अंगठे ठेक्यावर नाचताहेत. गाल असे तुकतुकीत, की विरायचं नाव नको.

“वा!” ती कमरेवर हात ठेवून म्हणाली. “शिळं ऊन चांगलंच बाधलेलं दिसतंय!”

सासऱ्यांनी एक डोळा उघडला. चोरी पकडली गेली होती, पण चेहऱ्यावर शरम म्हणून नाही. त्यांनी सदरा खाली ओढला, तोटी बंद केली आणि काठी उचलली.

“आलीस? बरं झालं. चल वर.”

“आता कशाला? गळ्यापर्यंत ऊन प्यायलात की!”

“सूर्य थांबायचा नाही. चल.”

तिनं धुसफुसतच हात दिला. ते ओठ घट्ट दाबून एकेक पायरी चढले. आज नकला नाहीत, थट्टा नाही. गच्चीचं दार उघडलं आणि उन्हाचा लोट अंगावर आला. तिनं नकळत डोळे मिटून घेतले. असं तोंडावर ऊन घेऊन किती दिवस झाले, तिला आठवेना.

“मोजे काढ,” सासरे म्हणाले.

“काहीतरीच काय!”

“काढ गं.”

तिनं मोजे ओढून काढले. बोटांच्या जागी तिला गच्चीचा कठडा दिसला.

ती मटकन खाली बसली. सासरे धापा टाकत तिच्याशेजारी टेकले. “लोकांची कामं घेतलीस, त्यानंतर एकदा दुपारी येऊन धार बघायला हात पुढे केला होतास. तू धार बघत होतीस. मी तुझी नखं बघत होतो.”

“मग सरळ सांगायचं नाही का, मामंजी?”

“सांगून पाहिलं असतं. म्हणाली असतीस, हातातलं एवढं काम संपवते, मग बघू.”

ती अगदी हेच म्हणाली असती.

सासऱ्यांनी तिचे दोन्ही तळहात उलगडून उन्हात धरले.

“माझं ऊन नळानं येतं, सूनबाई. तुझं कुठून यायचं?”