त्रेचाळिसावे पुस्तक

रविवार, १२ जानेवारी २०२५, सकाळी ११ वाजून १० मिनिटे. मुक्त ज्ञानकोशावरील सदस्य रंभाजी यांची एकूण संपादने : २४,९९९. त्यांपैकी शेवटचे नुकतेच, चौथ्यांदा, रद्द झाले होते.

रंभाजी श्रीगोंदा तालुक्यातील एका गावच्या वाचनालयात सहायक होते. फावल्या वेळात ज्ञानकोशातील चुका दुरुस्त करणे हा त्यांचा छंद. या वेळची चूक त्यांच्याच वाचनालयाविषयी होती : 'स्थापना १९५८, आप्पासाहेब इनामदार यांनी त्रेचाळीस ग्रंथांनिशी केली.'

समोर विमलआक्का बसल्या होत्या. वय ब्याऐंशी. धर्मांतरानंतर दोन वर्षांनी त्यांच्या आईने, मजुरी करणाऱ्या बनुबाईंनी, नगरहून डोक्यावर पुस्तके आणून हे वाचनालय सुरू केले होते.

"लागलं का आईचं नाव?"

"पुन्हा खोडलं, आक्का. छापील पुरावा मागतात."

"आन् ह्यी वही?"

रंभाजींनी पुस्तकांची पहिली दाखलनोंद वही कपाटातून काढून ठेवली होती. त्या कपाटाची किल्ली एकच, त्यांच्याकडे. पानांवर सोळा वर्षांच्या विमलचे अक्षर होते.

"हाताने लिहिलेलं चालत नाही. वाचनालयाच्या स्मरणिकेत आप्पासाहेब छापलेत."

"स्मरनिकेनं कुठनं घेतलं?"

"ज्ञानकोशातून."

"म्हंजी चोरानं चोराची साक्ष काढली! आन् त्रेचाळीस कुठली? बेचाळीसच हुती. ह्यी वही धरून मोजली मेल्यानं."

रंभाजींनी वही मिटली.

कानिफनाथ पेंटर दारात येऊन उभा राहिला. "भाऊ, उद्या धाला संस्थापकाच्या पाटीचं अनावरन हाय. अध्यक्ष म्हनत्यात, ज्ञानकोशात आसंल त्ये नाव. पाच वाजता मी रंग कालवनार."

वाचनालयाचे अध्यक्ष हे आप्पासाहेबांचे नातू. चौदा वर्षांपूर्वी त्यांच्याच सहीने रंभाजी नोकरीत कायम झाले होते. आता निवृत्तीला अकरा महिने उरले होते.

रंभाजींनी दुपारभर जुनी वर्तमानपत्रे चाळली. बनुबाई कुठेही सापडल्या नाहीत. तीन वाजता ज्ञानकोशाची देखरेख करणाऱ्या प्रचालकांचे त्यांच्या तक्रारीवर उत्तर आले. ते त्यांनी तिथेच थांबलेल्या आक्कांना वाचून दाखवले.

"सदर ओळ २०११ मध्ये सदस्य 'ग्रंथसेवक' यांनी लिहिली. लिहिताना पुरावा नव्हता, असे त्यांनी स्वतः नोंदवल्यास ती आजच काढता येईल."

"मंग इचार की त्याला!"

"पत्ता लागत नाही, आक्का. त्याने आयुष्यात हे एकच संपादन केलं आहे."

"घावला तर म्हनावं, शिव्या न्हाई देनार. ह्या वयात तुज्या पाया पडते, पर येवढं लिव." काठी टेकत आक्का उठल्या. जाताना त्यांनी रंभाजींच्या खांद्यावर हात ठेवला. "तू लई केलंस, बाबा."

त्या फाटकाबाहेर जाईपर्यंत रंभाजी उभे होते. मग संगणकासमोर बसून ते स्वतःच्या खात्यातून बाहेर पडले. सदस्यनामाच्या चौकटीत त्यांनी 'ग्रंथसेवक' असे लिहिले. संकेतशब्द आठवावा लागला नाही.

'पुरावा नव्हता' एवढे दोन शब्द त्यांनी लिहिले, पुसले, पुन्हा लिहिले.

"भाऊ, पाच वाजलं. काय लिवू?"

"ज्ञानकोशात आहे तेच."

सोमवार, १३ जानेवारी २०२५, सकाळी १० वाजता. सदस्य ग्रंथसेवक यांची एकूण संपादने : १.