खरवडलेला कागद

"काही दुरुस्ती?" अध्यक्षीणबाईंनी विचारलं. मागच्या सभेचं इतिवृत्त मी नुकतंच वाचून संपवलं होतं. वॉशिंग्टनला बायकांच्या मताधिकाराची मिरवणूक निघणार होती, आणि काळ्या बायकांनी तिच्या शेपटाला चालावं, असं त्या सभेत बाई म्हणाल्या होत्या. फक्त 'काळ्या बायका' न म्हणता त्यांनी एक घाणेरडी शिवी वापरली होती. आमच्यातली एकुलती एक काळी सभासद, शाळेत शिकवणारी ऑगस्टा, ताडकन उठून म्हणाली होती, "मसणात घाला तुमची मिरवणूक!" दुसऱ्या दिवशी बाई माझ्याकडे आल्या. "अगं, माझा तो शब्द वहीत बरा दिसत नाही. खरवडून टाक." मी चाकूने शाई खरवडली आणि तिथे 'भगिनी' लिहिलं. "आणि ऑगस्टाचं?" "ते राहू दे की. बोलली ना ती?" आज वाचताना 'भगिनी' ऐकून माना डोलल्या, 'मसणात' ऐकून नाकं मुरडली. "शी! आणि ही म्हणे पोरींना शिकवते!" ऑगस्टा शांतपणे माझ्याजवळ आली. वही उचलून तिने ते पान खिडकीसमोर धरलं. त्या एका शब्दामागून ऊन आरपार आलं. "कागद नेमका इथेच कसा हो झिजला, सेक्रेटरीबाई?" सगळ्या माझ्याकडे बघू लागल्या. मी वही काढून घेतली आणि मान वर न करता पानाखाली लिहिलं, 'दुरुस्ती नाही. एकमताने मंजूर.' ऑगस्टा अजून समोरच उभी होती. तिचं मत कुणी विचारलंच नव्हतं. मीही नाही.