तीन फूट

"बघितलंस? तुमच्यावाचून काही अडलं नाही," प्रशिक्षक हार्गिस मुद्दाम थांबून लायनेलला म्हणाला. त्याच्या संघातल्या एका गोऱ्या पोरानं नुकताच शंभर यार्डांचा राज्यविक्रम मोडला होता आणि खुद्द गव्हर्नर उभे राहून टाळ्या वाजवत होते.

परगावच्या स्पर्धांना गोऱ्यांना हॉटेल मिळे, काळ्यांनी बसमध्ये झोपायचं. त्याचा निषेध म्हणून दंडाला काळी फीत बांधली, तर हार्गिसनं लायनेलसकट कॉलेजच्या पाचही काळ्या धावपटूंना संघातून हाकललं होतं. मैदानावर फक्कीनं रेषा मारायचं जुनं काम तेवढं लायनेलकडे राहिलं. त्या चुन्यात हात घालायला गोरा कुणी तयार नव्हता.

लायनेल पंचाकडे गेला. "साहेब, विक्रम लिहिण्याआधी अंतर मोजायचा नियम आहे." त्यानं अदबीनं टेप पुढे केली. आजवर तशी गरज पडली नव्हती. चार वर्षांत त्याची रेषा इंचभर हलली नव्हती.

पंचानं दोनदा मोजलं. शर्यत तीन फूट कमी भरली. विक्रम बाद झाला, टाळ्या विरल्या.

"ही रेषा कुणी मारली?" हार्गिस ओरडला.

"मी," खिशातली काळी फीत दंडाला बांधत लायनेल म्हणाला. "आता अडलं ना, सर?"