वसूल

प्लेस्टेशनच्या सबस्क्रिप्शनची, म्हणजे अभिमन्यूच्या भाषेत वर्गणीची, मुदत दुसऱ्या दिवशी संपणार होती, आणि वर्गणी पुन्हा भरायची नाही असं त्यानं ठरवून टाकलं होतं. रविवारची जेवणं उरकली तसा तो टीव्हीसमोर बसला आणि दर महिन्याला फुकट मिळालेले गेम एकेक करून बघू लागला. फुकट म्हणजे वर्गणी चालू आहे तोवर फुकट. ती थांबली की सगळ्यांना कुलूप.

त्याचं त्याला काही वाटत नव्हतं, कारण त्याचे सगळे खेळून झाले होते. अभिमन्यू पतसंस्थेत कारकून. दिलेला पैसा वसूल झाला नाही तर त्याला जेवण गोड लागायचं नाही. महिन्याच्या पहिल्या मंगळवारी नवे गेम आले की तो ऑफिसात बसूनच मोबाइलवर ते आपल्या नावावर करून घ्यायचा, कारण महिना उलटला की ते गेले. आणि घेतलेला गेम शेवटपर्यंत खेळायचा, आवडो न आवडो. फुटबॉलमधलं ओ की ठो कळत नसताना त्यानं फुटबॉलचा अख्खा हंगाम खेळून काढला होता. भुताच्या गेमला तर तो खरोखर घाबरायचा, म्हणून तो त्यानं दिवसाउजेडी, खिडक्या सताड उघड्या ठेवून संपवला. या सगळ्यात त्याला मजा येताना मात्र घरात कुणी बघितलं नव्हतं.

यादीत एक शेतीचा गेम होता. एक घर, थोडं रान, समोर नदी. अभिमन्यूनं तो आठवड्यात उरकला होता. आज त्या गेमच्या नावापुढं खेळल्याचे तीनशेच्या वर तास दिसत होते.

त्यानं मुलीला, आरोहीला, हाक मारली आणि सातवीतल्या मुलीनं अभ्यास सोडून काय काय करू नये ते सगळं सुनावलं. आरोही म्हणाली की तो गेम लई बोअर आहे, तिनं त्याला हातही लावलेला नाही.

"मी खेळते तो," चंद्रिका म्हणाली. त्याची बायको खाली फरशीवर ताट घेऊन शेंगा फोडत बसली होती. तिनं मान वर केली नाही.

अभिमन्यू हसला. ती हसली नाही, तेव्हा तो थांबला. मग तिनं दुधाचा हिशेब सांगावा तसं सांगितलं. तो ऑफिसला, आरोही शाळेला गेली आणि सासूबाईंचा डोळा लागला की ती टीव्ही लावते. वर्ष होत आलं. आवाज बंद ठेवते. एवढं सांगून झाल्यावर तिनं हातातली शेंग ताटात टाकली.

"अहो, वर्गणी बंद करू नका."

तिचा आवाज कापला. लग्नाला पंधरा वर्षं झाली होती. इरकल साडी मागतानासुद्धा तो कधी कापला नव्हता.

अभिमन्यूला खरं तर बरंच वाटलं. घरात आणखी कुणीतरी वसूल करत होतं की. नीट खेळणार असशील तर भरतो, तो म्हणाला, बघू तरी कुठवर आलीस. आणि त्यानं तिचा गेम उघडला.

घराच्या पायरीवर एक बाई बसली होती. समोर नदी. ऊन उतरलेलं. वरच्या कोपऱ्यात लिहिलं होतं, दिवस पहिला.

अभिमन्यू उठून टीव्हीजवळ गेला. पहिलाच होता. या गेममध्ये झोपल्याशिवाय दिवस संपत नाही. संध्याकाळ होते आणि माणूस घरात जाऊन आडवं होईपर्यंत तिथंच थांबते. तीनशे तासांत ही बाई एकदाही झोपली नव्हती. रानात बी पडलं नव्हतं. नदीवरचा पूल तिनं ओलांडला नव्हता.

"अगं, तू यात काहीच केलं नाहीस," तो म्हणाला. त्याला मनापासून वाईट वाटलं. पलीकडं खाण आहे, पेरणी झाली की कोंबड्या घेता येतात, मग जत्रा लागते, असं सगळं तो सांगत सुटला. सांगता सांगता त्यानं बाईला पायरीवरून उठवलं, घरात नेलं आणि पलंगापाशी उभं केलं. झोपायचं का, गेमनं विचारलं.

"नको!"

ताट उलटलं. शेंगा सोफ्याखाली गेल्या. काय झालं ते अभिमन्यूला कळायच्या आत कंट्रोलर चंद्रिकाच्या हातात होता. तिनं बाईला दाराबाहेर आणलं, नदीकडं तोंड करून पायरीवर बसवलं. बाई बसल्यावरच तिनं श्वास सोडला.

"झोपली असती तर काय बिघडलं असतं?" अभिमन्यूनं विचारलं.

"झोपलं की सकाळ होते," चंद्रिका म्हणाली. "आणि उठावं लागतं."

 अभिमन्यूनं मोबाइल घेतला आणि वर्षाची वर्गणी भरून टाकली.

तेवढ्यात आतून अभिमन्यूच्या आईची, बजाबाईंची, हाक आली, "चंद्रिका, पाणी आलं गं." पाणी पाच दिवसांनी आलं होतं आणि तासाभरात जाणार होतं. एवढ्या हाकेवर सोलापुरात तापानं फणफणलेली बाईसुद्धा उठते. चंद्रिका उठली नाही. बजाबाईंनी पुन्हा हाक मारली, या वेळी जरा चढ्या आवाजात. चंद्रिका टीव्हीकडं बघत बसून राहिली.

शेवटी अभिमन्यू उठला. शेंगा तुडवत मागच्या गॅलरीत गेला. तिथं बराच वेळ बादल्यांची आदळआपट ऐकू आली, आणि मग त्याचा आवाज.

"आई, पाइप कुठं असतो?"