पहिली टोपली

१९५० साली सावरटोल्याचा मालगुजार सत्तरीतही तिशीचा दिसे. मंतरलेलं घड्याळ उलटं फिरवून तो आपली वर्षं अंगावरून उतरवी आणि उतरलेल्या वर्षांची राख मासे धरणाऱ्या ढिवरांच्या तलावात टाकी. त्या पाण्याने सहा वर्षांच्या कमळाचे केस पांढरे झाले, तशी तिची आई देवकाबाई भांडायला गेली.

मालगुजार हसला. “राख तं मासोळ्या खातेत, तू काऊन बोंबलून राह्यली? पहिली टोपली मालकाची असते, ते आण!”

देवकाबाईने त्याच तलावातल्या मासोळ्यांची टोपली त्याच्या ओसरीवर आदळली. “घ्या मालक, तुमचंच हाये.”



मालगुजार त्या मासोळ्या जेवून उठला तो काठी टेकत, अन् होळीआधीच गेला. देवकाबाई नव्वद वर्षं जगली, कमळाचे केस पांढरेच राहिले, पण पहिली टोपली पुन्हा कुणाच्याच ओसरीवर गेली नाही.